दिवाणी अपिलात आपलं म्हणणं ऐकलं जाण्याचा हक्क : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

वाटपाचा दावा, विहिरीच्या पाण्याचा वाद, घरमालक-भाडेकरूचं भांडण, उसनवारीची वसुली. असल्या दाव्यांत खालच्या कोर्टाचा निकाल विरुद्ध गेला की बहुतेकांच्या तोंडी एकच वाक्य येतं : ‘हायकोर्टापर्यंत जाईन.’ जायला हरकत नाही. पण मध्ये जिल्हा न्यायालयातलं पहिलं अपील लागतं आणि साक्षीपुराव्याचा शेवटचा खरा विचार तिथेच होतो, हे फार थोड्यांना ठाऊक असतं. त्यामुळे पुढच्या उत्तरांचा बराचसा भर पहिल्या अपिलावर आहे. कायदा दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ हाच. २०२४ मध्ये बदलले ते फौजदारी कायदे. दिवाणी संहिता जागच्या जागी आहे.

अपिलात दावा पुन्हा पहिल्यापासून चालतो का?

साक्षीदार पुन्हा पिंजऱ्यात उभे राहत नाहीत. मात्र खालच्या कोर्टात जे काही नोंदवलं गेलं, म्हणजे दावा, कैफियत (प्रतिवादीचं लेखी उत्तर), जबाब, उलटतपास, निशाणी पडलेले (पुरावा म्हणून क्रमांक दिलेले) कागद, ते सगळं अपील कोर्टापुढे खुलं असतं. संहितेच्या कलम ९६ खालच्या पहिल्या अपिलात वस्तुस्थिती आणि कायदा या दोन्हींवर फेरविचार मागता येतो. ‘संतोष हजारी विरुद्ध पुरुषोत्तम तिवारी’ या २००१ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने पहिल्या अपिलाला पक्षकाराचा मोलाचा हक्क म्हटलं आहे आणि कोर्टाने स्वतःचं डोकं लावून, कारणं देऊन निर्णय करावा असं बजावलं आहे.

म्हणून ‘खालच्या कोर्टाने सगळं नीट पाहिलंय, हस्तक्षेपाचं कारण नाही’ एवढ्यावर पहिलं अपील निकाली काढलं गेलं असेल, तर तुमची सुनावणी पूर्ण झाली नाही असं म्हणायला जागा आहे.

अपील हा हक्क आहे की कोर्टाची मेहेरबानी?

कायद्याने दिलेला हक्क आहे. १९५७ च्या ‘गरिकापाटी वीराया’ खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने दावा, अपील आणि दुसरं अपील या एकाच मालिकेतल्या पायऱ्या मानल्या. दावा दाखल झाला त्या दिवशीच अपिलाचा हक्क पक्षकाराच्या पदरात पडतो. पुढे कायदा बदलला तरी, तसं स्पष्ट म्हटलेलं नसेल तर, तो जात नाही.

अपवाद मात्र माहीत हवेत. तडजोडीने झालेल्या हुकूमनाम्यावर, म्हणजे कोर्टाच्या औपचारिक निर्णयावर, अपील नाही. लोकअदालतीत झालेला निवाडा अंतिम असतो, त्यावरही अपील चालत नाही. तेव्हा लोकअदालतीच्या दिवशी पुरसीसवर (कोर्टात द्यायच्या लेखी निवेदनावर) सही करण्याआधी ती वाचून घ्या, वाचता येत नसेल तर दोघांकडून वाचून घ्या. एकतर्फी हुकूमनामा झाला असेल तर त्यावर अपील करता येतं.

मुदत किती?

जिल्हा न्यायालयात ३० दिवस, उच्च न्यायालयात ९० दिवस. हुकूमनाम्याच्या तारखेपासून. कुठल्या कोर्टात जायचं ते निकाल कोणी दिला आणि दाव्याची किंमत किती यावर ठरतं.

सही-शिक्क्याची नक्कल तयार व्हायला लागलेले दिवस मुदतीतून वगळले जातात, पण ते नकलेचा अर्ज केल्यापासून. अर्जच महिन्याने केला तर त्याआधीचे दिवस तुमच्या मुदतीतून गेले. निकाल लागला त्याच आठवड्यात नकलेचा अर्ज टाकावा. अपील करायचं की नाही ते नंतर ठरवता येतं.

उशीर झालाच, तर अपिलासोबत विलंब माफीचा अर्ज आणि प्रतिज्ञापत्र द्यावं लागतं. त्यावर समोरच्या बाजूला नोटीस निघते, कारण मुदत टळल्याचा फायदा त्यांना मिळालेला असतो आणि तो त्यांचं न ऐकता काढून घेता येत नाही. १९८७ च्या कातिजी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने विलंबाकडे उदारपणे पाहावं असं सांगितलं. तो निकाल प्रत्येक विलंब माफी अर्जात उद्धृत होतो. पण त्यावर विसंबून दोन-तीन वर्षं झोपून राहिलेल्याला कोर्ट सहज माफ करेल असं समजू नका. ‘आजारी होतो’ लिहिलं तर दवाखान्याचे कागद जोडा.

अपील दाखल केलं की खालच्या निकालाला आपोआप स्थगिती मिळते ना?

नाही. हा गैरसमज घरं रिकामी करून जातो. अपिलाचा नंबर पडला आणि पक्षकार निर्धास्त झाला, इकडे समोरच्याने दरखास्त (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज) दाखल करून बेलिफ (कोर्टाचा कर्मचारी) दारात आणला. स्थगितीचा अर्ज वेगळा द्यावा लागतो आणि कोर्टाला तीन गोष्टी पटवाव्या लागतात : स्थगिती नसेल तर मोठं नुकसान होईल, अर्ज विनाकारण उशिरा केलेला नाही, आणि अपील हरलो तर हुकूमनामा पाळण्यासाठी जामीन देतो. पैशांच्या हुकूमनाम्यात कोर्ट रक्कम भरायला किंवा तारण द्यायला सांगतं. ती अट पाळली नाही तर स्थगिती मिळत नाही. आणखी एक : विलंब माफीचा अर्ज प्रलंबित असताना कोर्ट अपील ऐकायचं ठरवत नाही तोवर अंमलबजावणीला स्थगिती देता येत नाही.

दावा जिंकलेल्यांसाठी उलट बाजूचा सल्ला. समोरचा अपिलात जाणार असं वाटत असेल तर कलम १४८अ खाली कॅव्हेट (‘आधी आम्हाला ऐका’ असा अर्ज) दाखल करा. मग तुम्हाला नोटीस दिल्याशिवाय स्थगितीचा हुकूम होत नाही. कॅव्हेट ९० दिवस टिकतं, नंतर नव्याने द्यावं लागतं.

समोरच्याला नोटीस न काढताच अपील फेटाळता येतं का?

येतं. संहितेतल्या आदेश ४१ च्या (अपिलांच्या नियमांच्या भागाच्या) नियम ११ मध्ये तशी सोय आहे; पुढे नुसता ‘नियम’ म्हटलं तर तो याच आदेशातला. पण अपीलकर्त्याला किंवा त्याच्या वकिलाला ऐकल्यावरच. आणि जिल्हा न्यायालयाने असं अपील फेटाळलं तर थोडक्यात का होईना, कारणं लिहून निकाल द्यावाच लागतो.

मी जाबदेणार (अपिलातला समोरचा पक्षकार). मला अपिलाची नोटीसच मिळाली नाही आणि निकाल माझ्याविरुद्ध लागला. आता?

असं फार वेळा घडतं आणि दर वेळी त्यात लबाडीच असते असं नाही. दावा आठ-दहा वर्षं चालतो. तोवर माणूस गाव सोडून पुण्याला किंवा सुरतेला गेलेला असतो; अपिलात पत्ता जुनाच पडतो. बेलिफ जातो, घर बंद दिसतं, दाराला नोटीस चिकटवली जाते किंवा वर्तमानपत्रात जाहीर नोटीस येते. असली पर्यायी बजावणीही कायद्याने बजावणीच धरली जाते, पण त्याआधी नेहमीच्या मार्गाने खरा प्रयत्न झाला होता का हे पाहावं लागतं.

तुमच्या गैरहजेरीत अपील एकतर्फी ऐकलं गेलं असेल तर आदेश ४१ नियम २१ खाली फेरसुनावणीचा अर्ज करता येतो. नोटीस रीतसर बजावली गेली नव्हती, किंवा पुरेशा कारणाने हजर राहता आलं नाही, यापैकी एक दाखवावं लागतं. मुदत ३० दिवस. नोटीस बजावलीच नसेल तर निकाल तुम्हाला कळला त्या दिवसापासून. अर्ज करण्याआधी अपिलाचा रोजनामा (तारीखवार कामकाजाची नोंद) आणि बेलिफाचा अहवाल यांची नक्कल काढा. नोटीस कोणाला, कुठे, कोणाच्या साक्षीने दिली ते त्यात असतं. ‘मला काहीच माहीत नव्हतं’ यापेक्षा बेलिफाच्या अहवालातलं चुकीचं घर नंबर दाखवणं कितीतरी वजनदार ठरतं. हा अर्ज नामंजूर झाला तर त्या आदेशावरही अपील आहे.

आणि साधी खबरदारी : पत्ता बदलला तर कोर्टात लेखी कळवा. प्रत्येक प्रकरणाला सोळा अक्षर-अंकांचा सीएनआर क्रमांक असतो. तो ई-कोर्ट्सच्या अ‍ॅपमध्ये टाकला की पुढची तारीख घरबसल्या दिसते. दावा जिंकलेल्यानेही अधूनमधून आपल्या नावाने शोध घ्यावा.

पुकारा झाला तेव्हा माझे वकील दुसऱ्या कोर्टात होते. अपील काढून टाकलं.

‘काढून टाकलं’ म्हणजे कसं, ते आधी आदेश मागवून नीट पाहा. अपीलकर्ता गैरहजर असेल तर कोर्टाला अपील गैरहजेरीमुळे फेटाळता येतं, एवढंच. त्याच्या माघारी गुणदोषांवर निर्णय देऊन ते फेटाळता येत नाही. आदेश ४१ नियम १७ चं स्पष्टीकरण हेच सांगतं. ते १९७६ च्या दुरुस्तीने मुद्दाम घातलं गेलं, तरी उलटं करणारे आदेश अजून होतात आणि वर रद्द होतात.

गैरहजेरीमुळे फेटाळलेलं अपील पुन्हा दाखल करून घेण्यासाठी नियम १९ खाली ३० दिवसांत अर्ज करायचा. पुरेसं कारण दाखवलं तर कोर्ट ते पुन्हा बोर्डावर घेतं, बहुधा समोरच्याचा खर्च भरायला लावून.

वकिलाच्या चुकीची शिक्षा पक्षकाराला का, हा प्रश्न सर्वोच्च न्यायालयात १९८१ मध्ये ‘रफीक विरुद्ध मुन्शीलाल’ या खटल्यात आला. अलाहाबाद उच्च न्यायालयात वकील गैरहजर, अपील निकाली. पक्षकार खेड्यातला. त्याने वकील नेमला, फी दिली, आणि आता वकील पाहून घेतील म्हणून घरी गेला. कोर्टाने म्हटलं की अशा माणसाने वकील हजर राहतो की नाही यावर पहारा ठेवावा अशी अपेक्षा करता येत नाही. त्याचं अपील पुन्हा जिवंत झालं. पण या निकालाकडे हक्काचा परवाना म्हणून पाहू नये. मुंबईत बसलेल्या कंपनीने किंवा सरकारी खात्याने ‘वकील आले नाहीत’ म्हटलं तर कोर्ट त्यांना खेडूत मानणार नाही. शिकलेल्या पक्षकाराने वर्षभर चौकशीच केली नसेल तर त्यालाही हे जड जातं.

प्रत्यक्ष सुनावणीत काय होतं? नवा मुद्दा काढता येतो?

आधी अपीलकर्ता बोलतो, मग जाबदेणार, शेवटी अपीलकर्त्याचं प्रत्युत्तर. अपिलाच्या मेमोत (अपिलाची कारणं मांडणाऱ्या अर्जात) नसलेला मुद्दा कोर्टाच्या परवानगीने मांडता येतो. कोर्टही मेमोबाहेरच्या मुद्द्यावर निकाल देऊ शकतं, पण ज्याला त्याचा फटका बसेल त्याला त्या मुद्द्यावर बोलायची पुरेशी संधी देऊनच. हे आदेश ४१ च्या नियम २ मध्येच लिहिलंय. योग्य सुनावणीचा गाभा कुठे सापडतो असं विचारलंत तर मी राज्यघटनेच्या आधी या नियमाकडे बोट दाखवीन. वाटपाच्या अपिलात सगळा युक्तिवाद मृत्युपत्र खरं की खोटं यावर झाला आणि निकालात अचानक ‘दावा मुदतबाह्य’ असं आलं, तर ज्यावर निकाल गेला त्यावर कोणी बोललंच नव्हतं.

युक्तिवादाला वेळ कमी मिळाला अशी तक्रार असते. कोर्ट वेळेची मर्यादा घालू शकतं. लेखी युक्तिवाद दाखल करून ठेवा, त्यात जबाबांतल्या ओळी पान क्रमांकासह द्या. बोलताना राहून गेलेलं कागदावर राहतं.

जुना कागद आता सापडला. तो अपिलात देता येईल?

सहजासहजी नाही. नियम २७ प्रमाणे तीनच वाटा : खालच्या कोर्टाने तो घ्यायला चुकीने नकार दिला, पुरेपूर प्रयत्न करूनही तो तेव्हा मिळाला नव्हता, किंवा निकाल देण्यासाठी कोर्टालाच त्याची गरज वाटते. हा अर्ज अपिलाच्या अंतिम सुनावणीसोबत विचारात घ्यावा असं सर्वोच्च न्यायालयाने २०१२ च्या इब्राहिम उद्दीन प्रकरणात सांगितलं आहे. अर्ज दिला, त्यावर काहीच आदेश न करता अपील निकाली निघालं, तर तो मुद्दा पुढे घ्यायलाच हवा. आणि कागद स्वीकारला गेला तर समोरच्याला त्याचं खंडन करायची संधी मिळालीच पाहिजे.

निकालात काय असलंच पाहिजे?

नियम ३१ चार गोष्टी मागतो : निर्णयासाठीचे मुद्दे, त्यांवरचा निर्णय, त्याची कारणं, आणि खालचा निकाल फिरवला असेल तर अपीलकर्त्याला काय मिळणार ते. न्यायाधीशांची सही आणि तारीख अर्थात हवीच.

पक्षकारांनी निकाल मिळाल्यावर फक्त शेवटचं पान वाचायची सवय सोडावी. मधली पानं वाचा. तुमच्या बाजूच्या महत्त्वाच्या साक्षीदाराचं नाव तरी आलंय का? ज्या निशाणीवर सगळा दावा उभा होता तिच्याबद्दल एक परिच्छेद आहे का? खालच्या निकालातला उतारा घालून ‘मी सहमत आहे’ एवढंच लिहिलंय का? सहमत असणाऱ्या अपील कोर्टाने सगळा पुरावा पुन्हा लिहून काढायची गरज नसते, हे खरं. पण निकाल फिरवणाऱ्या कोर्टाला खालच्या न्यायाधीशांच्या कारणांना भिडावं लागतं. त्यांनी साक्षीदाराला समोर पाहून विश्वास ठेवला असेल तर तो का ठेवू नये ते सांगावं लागतं. कारणं नसलेला निकाल म्हणजे ऐकलं गेल्याचा पुरावाच नसणं. वरच्या कोर्टात जाण्यासाठी इतकी स्वच्छ तक्रार दुसरी क्वचितच असते.

मी अपील केलं नाही, पण निकालातला एक भाग माझ्याविरुद्ध आहे.

अपिलाच्या सुनावणीची नोटीस मिळाल्यापासून एक महिन्यात नियम २२ खाली प्रत्याक्षेप (त्या भागाविरुद्धची तुमची हरकत) दाखल करा. हुकूमनामा पूर्ण तुमच्या बाजूचा असेल आणि फक्त एखादा निष्कर्ष विरुद्ध असेल, तर प्रत्याक्षेप न देताही तो निष्कर्ष चूक होता असं बोलता येतं. समोरच्याने नंतर अपील काढून घेतलं तरी तुमचा प्रत्याक्षेप चालू राहतो.

अपील चालू असताना पक्षकार वारला.

९० दिवसांत वारस दाखल करा. नाही केले तर मृताच्या बाबतीत अपील संपुष्टात येतं. ते उठवायला पुढचे ६० दिवस, त्यानंतर विलंब माफी. पक्षकार वारल्याचं कळलं की कोर्टाला सांगणं हे त्याच्या वकिलाचं कर्तव्य आहे. युक्तिवाद पूर्ण झाल्यावर आणि निकालाआधी मृत्यू झाला, तर मात्र अपील संपुष्टात येत नाही. वारसांना न ऐकता झालेले निकाल वर टिकत नाहीत, म्हणून जिंकणाऱ्या बाजूनेही यात लक्ष घालावं.

प्रकरण खालच्या कोर्टात परत पाठवलं. हा आमचा विजय ना?

पेढे वाटू नका. परत पाठवणं म्हणजे आणखी काही वर्षं. पुरावा पुरेसा असेल तर अपील कोर्टाने स्वतःच निकाल द्यावा अशी संहितेची अपेक्षा आहे. एखादा मुद्दाच काढायचा राहिला असेल तर तेवढा मुद्दा खाली पाठवून, अपील आपल्याकडेच ठेवून निष्कर्ष मागवता येतो. पूर्ण परत पाठवलं तर दोन्ही बाजूंनी खाली कधी हजर व्हायचं ती तारीख आदेशातच द्यावी लागते. ती लिहून घ्या. नव्या नोटिशीची वाट पाहत बसलेल्यांचे दावे तिथे काढून टाकले गेले आहेत.

युक्तिवाद एका न्यायाधीशांपुढे झाला, त्यांची बदली झाली.

नव्या न्यायाधीशांपुढे पुन्हा युक्तिवाद करायचा. ऐकणारा एक आणि ठरवणारा दुसरा असं झालं तर सुनावणी हा नुसता उपचार उरतो, असं सर्वोच्च न्यायालय १९५९ च्या गुल्लापल्ली नागेश्वर राव प्रकरणात म्हणालं होतं. ते प्रकरण प्रशासकीय होतं, तत्त्व तेच. आधीच्या न्यायाधीशांनी निकाल लिहून ठेवला असेल आणि फक्त वाचायचा राहिला असेल, तर तो नंतरचे न्यायाधीश वाचू शकतात.

न्यायाधीशांचं समोरच्याशी नातं किंवा हितसंबंध असेल तर कलम २४ खाली प्रकरण दुसरीकडे वर्ग करण्याचा अर्ज करता येतो. ‘दोनदा रागावले’ हे त्याचं कारण होत नाही.

दुसऱ्या अपिलात, उच्च न्यायालयात, सगळं पुन्हा सांगता येईल?

नाही, आणि इथेच निराशा होते. कलम १०० खाली फक्त कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न असेल तरच अपील दाखल करून घेतलं जातं. साक्षीदार खोटं बोलला, तलाठ्याचा जबाब नीट वाचला नाही, हे तिथे साधारणपणे चालत नाही. २५ हजार रुपयांपर्यंतच्या वसुलीच्या दाव्यात तर दुसरं अपीलच नाही.

दाखल झालं तर उच्च न्यायालयाने तो प्रश्न लिहून काढायचा असतो आणि सुनावणी त्याच प्रश्नावर होते. असा प्रश्न उद्भवतच नाही असं म्हणायचा हक्क जाबदेणाराला आहे. ऐनवेळी दुसरा प्रश्न काढायचा तर कारणं नोंदवून, आणि दोघांना त्यावर बोलू देऊनच. प्रश्न न लिहिताच अपील मंजूर केलेले निकाल सर्वोच्च न्यायालयाने अनेकदा रद्द केले आहेत.

अंतराचा प्रश्न थोडा हलका झालाय. नागपूर, छत्रपती संभाजीनगर आणि गोव्यातलं पर्वरी इथे खंडपीठं होतीच. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात सर्किट बेंच बसतं. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्गच्या पक्षकारांची मुंबईची फेरी त्यामुळे वाचली.

सातबाऱ्यावरच्या फेरफाराचं अपील यातच येतं का?

नाही. ते महसूल अधिकाऱ्यांपुढे, महाराष्ट्र जमीन महसूल संहितेखाली चालतं. तिथेही दुसऱ्या बाजूला ऐकावं लागतंच, पण वर सांगितलेले नियम आणि मुदती तिथे लावू नका. प्रांताकडे अपील चालू आहे म्हणून दिवाणी अपिलाची मुदत थांबत नाही.

वकील परवडत नाही. इंग्रजीही कळत नाही.

विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ प्रमाणे महिला, मुलं, अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्ती, दिव्यांग, औद्योगिक कामगार अशांना उत्पन्न कितीही असलं तरी मोफत वकील मिळतो; इतरांना उत्पन्नाची अट आहे. तालुका किंवा जिल्हा न्यायालयाच्या आवारातच समितीचं कार्यालय असतं, अपिलासाठीही अर्ज तिथेच. हेल्पलाइन १५१००. कोर्ट फी भरायची ऐपत नसेल तर आदेश ४४ खाली निर्धन म्हणून अपील करण्याची परवानगी मागता येते.

भाषेचं म्हणाल तर महाराष्ट्रात जिल्हा व तालुका न्यायालयांची भाषा मराठी आहे, १९९८ च्या अधिसूचनेपासून. तिथे अर्ज, युक्तिवाद मराठीत करायला संकोच करू नका, भले निकाल इंग्रजीत येवो. उच्च न्यायालयाचं कामकाज इंग्रजीत चालतं.

युक्तिवाद संपून महिने झाले, निकाल नाही.

‘अनिल राय विरुद्ध बिहार राज्य’ या २००१ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने उच्च न्यायालयांसाठी वेळापत्रक दिलं. तीन महिन्यांत निकाल आला नाही तर लवकर निकालासाठी अर्ज करता येतो. सहा महिने उलटले तर प्रकरण काढून दुसऱ्या पीठाकडे नव्याने युक्तिवादासाठी द्यावं, अशी विनंती मुख्य न्यायमूर्तींकडे करता येते. अर्ज केला तर न्यायाधीश चिडतील ही भीती पक्षकारांना असते, वकिलांना त्याहून जास्त. अर्ज दोन ओळींचा ठेवा : युक्तिवाद कोणत्या तारखेला संपला आणि आज कोणती तारीख आहे.